ट्यूना मॅकरोनी सॅलडसाठी डब्यातला ट्यूना: कुठला घ्यावा, कुठला नको

क्रीमी ट्यूना मॅकरोनी सॅलड करायचं म्हटलं की सगळे आधी मेयोच्या मागे लागतात, कुठलं घेऊ, किती घालू, पण हे सॅलड जमतं की फसतं ते मुळात ट्यूनाच्या डब्यावर ठरतं. म्हणून हा रिव्ह्यू मुख्यतः डब्यांचा आहे, मेयो आणि मॅकरोनीबद्दलही बोलणार आहे पण नंतर. पाण्यातला चंक (छोटे तुकडे), पाण्यातला सॉलिड (मोठे घट्ट तुकडे) आणि तेलातला असे तिन्ही प्रकार मी याच सॅलडमध्ये वापरलेत आणि मत आधीच सांगून टाकते: या सॅलडला पाण्यातला चंक लाइट सगळ्यात भारी, पण नीट पिळून घेतला तरच.

चंक लाइट म्हणजे बहुतेक वेळा स्किपजॅक जातीचा ट्यूना. रंग गुलाबीसर-पिंगट, वास जरा जास्त, चवही जास्त. डबा उघडला की तुकडे छोटे छोटे दिसतात, काट्याने दाबले की लगेच सुटतात, आणि नेमकी हीच गोष्ट इथे कामाची आहे. कारण एल्बो मॅकरोनी आतून पोकळ असते, ट्यूनाचा बारीक कीस मेयोबरोबर त्या पोकळीत जाऊन बसतो आणि मग प्रत्येक घासाला मासा लागतो. मोठे तुकडे असले की ते भांड्याच्या तळाशी जातात आणि वर नुसती मेयो लावलेली मॅकरोनी उरते.

त्याचा त्रास एकच, पाणी. चंकच्या डब्यात पाणी भरपूर असतं, आणि नुसतं झाकण दाबून तिरकं धरलं तर निम्मंसुद्धा जात नाही. मी सरळ बारीक चाळणीत काढते, चमच्याच्या पाठीने दाबते, मग मुठीत घेऊन पिळते, अगदी थेंब पडायचे थांबेपर्यंत. पिळल्यावर तो कोरडा भुगा वाटतो आणि आता हा क्रीमी कसा होणार असं वाटतं, पण तेच हवंय, कारण तो कोरडा असला तरच मेयो ओढून घेतो. ओला टाकला तर तासाभरात भांड्याच्या कडेने पांढरं पाणी सुटतं आणि मग कितीही मेयो ओता, ते घट्ट होत नाही, नुसतं ओशट होतं.

डबा घेताना लेबलवर दोन वजनं बघा. एक एकूण आणि एक निथळलेलं, दोन्ही छापलेली असतील तर तुलना निथळलेल्या वजनाची करायची, कारण मासा तेवढाच मिळणार आहे. आणि घटकांची यादी पण वाचा, चांगल्या डब्यात ट्यूना, पाणी, मीठ एवढंच असतं, काहींत व्हेजिटेबल ब्रॉथ, म्हणजे भाज्यांचा अर्क, असतो आणि त्यात सोया असू शकतं, ज्यांना सोयाची अ‍ॅलर्जी आहे त्यांनी हे बघायलाच हवं. ब्रॉथवाला ट्यूना जरा फुगीर आणि मऊ वाटतो पण पिळल्यावर एकदम कमी होतो, मला तो आवडत नाही.

अजून एक, कधीकधी डब्यात काचेच्या कणासारखा पारदर्शक खडा सापडतो आणि माणूस घाबरून अख्खं सॅलड फेकून देतो. बहुतेकदा ती काच नसते, त्याला स्ट्रुव्हाइट म्हणतात, माशातलंच मॅग्नेशियम, अमोनिया आणि फॉस्फेट मिळून डब्यात बनलेला क्षार असतो, अपायकारक नसतो. ओळखायची पद्धत सोपी, खडा थोड्या गरम व्हिनेगरमध्ये टाकून ठेवा, स्ट्रुव्हाइट हळूहळू विरघळतो, काच विरघळत नाही. नाही विरघळला तर मात्र डबा बाजूला ठेवा आणि कंपनीला कळवा. लेबलवर पायरोफॉस्फेट लिहिलेलं दिसतं ते हे खडे होऊ नयेत म्हणूनच घातलेलं असतं.

आता सॉलिड व्हाइट, म्हणजे अल्बाकोर. दिसायला सुंदर, फिकट, मोठमोठे घट्ट तुकडे, वास अगदी सौम्य. डब्यातल्या ट्यूनाचा धंदा सुरू झाला तोही यावरच, 1903 मध्ये दक्षिण कॅलिफोर्नियात सार्डिन मिळेनात तेव्हा अल्बर्ट हाफहिल यांनी अल्बाकोर डब्यात भरायला घेतला. अमेरिकेत तर डब्यावर व्हाइट हा शब्द फक्त अल्बाकोरलाच लावता येतो. सँडविचमध्ये किंवा पानांच्या सॅलडवर तुकडे मांडायला हा उत्तम, पण क्रीमी मॅकरोनीत तो मला कोरडा लागतो, चावताना तंतू तंतू जाणवतात आणि मेयो वरच्यावर राहतं. ज्यांना माशाचा वास नको असतो त्यांच्यासाठी मात्र हाच घ्यावा, बोटांनी बारीक कुस्करून, आणि थोडं जास्त मेयो धरून.

अल्बाकोरबद्दल एक गोष्ट जीव तोडून सांगते. हा मासा मोठा आणि जास्त जगणारा, त्यामुळे त्यात पारा जास्त साठतो. अमेरिकेच्या एफडीएच्या, म्हणजे तिथल्या अन्न-औषध प्रशासनाच्या, आकड्यांत डबाबंद लाइट ट्यूनात सरासरी 0.126 पीपीएम (दहा लाख भागांत इतके भाग) पारा आहे आणि अल्बाकोरमध्ये 0.350, म्हणजे जवळजवळ तिप्पट. गरोदर आणि अंगावर पाजणाऱ्या बायकांसाठी त्यांचा सल्ला असा की लाइट ट्यूना आठवड्यातून 2-3 वेळा चालेल, अल्बाकोर एकदाच, आणि एक वेळ म्हणजे साधारण 113 ग्रॅम. लहान मुलांचं प्रमाण याहून कमी. घरात कोणी गरोदर असेल तर चवीचा विचार नंतर, आधी लाइट उचला.

तेलातला ट्यूना चवीला सगळ्यात श्रीमंत, यात वाद नाही. ऑलिव्ह तेलातला नुसता खाल्ला तरी छान लागतो. पण मेयो म्हणजे मुळात तेलच, त्यात अजून तेल घातलं की चौथ्या घासाला तोंड बांधल्यासारखं होतं. शिवाय निथळताना माशातलं ओमेगा-3 थोडं त्या तेलाबरोबर जातं, पाण्यात ते मिसळत नाही म्हणून पाण्यातल्या डब्यात जास्त टिकतं. तेलातलाच घरात असेल तर नीट निथळा, मेयो एक तृतीयांश कमी करा आणि लिंबू वाढवा, मग जमतं. मिरची, लिंबू वगैरे फ्लेवरचे डबे या सॅलडला नकोच, त्यांचा मसाला मेयोवर कुरघोडी करतो. पाऊचमधला ट्यूना चांगला असतो, पाणी जवळपास नसतंच, पिळायचा त्रास वाचतो, पण ग्रॅमच्या हिशोबाने महाग पडतो.

मेयोचं आता. फुल फॅट घ्या, बस. अमेरिकेच्या नियमाप्रमाणे मेयोनीज म्हणवून घ्यायला वजनाच्या निदान 65 टक्के वनस्पती तेल असावं लागतं, आणि त्याच्या शेजारीच सॅलड ड्रेसिंग नावाने तशीच दिसणारी बरणी असते तिला 30 टक्के पुरतात, बाकीचं पाणी, स्टार्च आणि बऱ्यापैकी साखर. हे ड्रेसिंग गोड लागतं, काहींना तीच चव आवडते, पण ट्यूनाबरोबर ती गोडी मला खटकते. लाइट मेयोतही तेल कमी आणि पाणी-स्टार्च जास्त, ताजं कालवलं तेव्हा बरं दिसतं, दुसऱ्या दिवशी चिकट होतं. बिनअंड्याचं मेयो चालतं की, फक्त ते बरेचदा गोडसर असतं तेव्हा मस्टर्ड आणि लिंबाने ती गोडी मारायची. कॅलरी कमी करायच्या असतील तर लाइट मेयो आणण्यापेक्षा चांगल्या मेयोतला पाव भाग काढून त्याजागी पाणी काढलेलं घट्ट दही घाला, आंबटपणा पण छान येतो.

मॅकरोनी ड्युरम गव्हाच्या रव्याची हवी, मैद्याची शिजताना कडेने सुटते आणि सगळं लगदा होतं. आणि इथे एक गोष्ट नेहमीच्या पास्त्यापेक्षा उलट आहे: गरम पास्ता अल डेंटे, म्हणजे दाताला किंचित लागेल असा, ठेवतात, पण थंड सॅलडची मॅकरोनी त्यापेक्षा एखाद-दोन मिनिटं जास्त शिजवायची, कारण फ्रिजमध्ये स्टार्च परत घट्ट होतो आणि दाताला बरोबर लागणारी मॅकरोनी थंड झाल्यावर रबरासारखी होते. पाण्यात मीठ सढळ हाताने, थंड पदार्थात मीठ जिभेला कमीच जाणवतं. शिजल्यावर गार पाण्याखाली धुवा, वरचा चिकट स्टार्च निघून जातो, एरवी पास्ता धुवू नये म्हणतात ते सॉसवाल्या पास्त्यासाठी, इथे धुवायचाच. मग खळखळून निथळा, पोकळीत पाणी अडकून बसतं ते चाळणी दोनचारदा आपटल्याशिवाय निघत नाही.

माझं प्रमाण असं, 200 ग्रॅम कोरडी मॅकरोनी, पिळलेला ट्यूना साधारण तेवढाच म्हणजे दोन लहान डबे, पाऊण कप मेयो, एक मोठा चमचा लिंबाचा रस, एक लहान चमचा मस्टर्ड, भरपूर मिरपूड. निथळलेल्या मॅकरोनीला आधी नुसता लिंबाचा रस आणि थोडं घर्किनच्या (व्हिनेगरमध्ये मुरवलेल्या छोट्या काकड्यांच्या) बरणीतलं आंबट पाणी चोळून पाच मिनिटं ठेवते, आंबटपणा आतपर्यंत मुरतो, नाहीतर तो फक्त मेयोत राहतो आणि मॅकरोनी आतून फिकी लागते. मॅकरोनी कोमट असताना मेयो अजिबात घालायचं नाही, तेल सुटतं आणि सगळं चमकायला लागतं. भाज्यांत सेलरी हवीच, तिचा करकरीतपणा या मऊ गोळ्यात फार लागतो, नसेल तर काकडीचा बिया काढलेला भाग. कांदा बारीक चिरून दहा मिनिटं थंड पाण्यात, मग पिळून. घर्किन बारीक चिरलेले दोन-तीन चमचे. मटार, उकडलेलं अंडं ज्याच्या त्याच्या आवडीवर. टोमॅटो नको, पाणी सोडतो, एवढं पिळून-निथळून कोरडं केलं त्यावर सगळं पाणी.

मेयो दोन हप्त्यांत घालायचं, ही या सगळ्यातली सगळ्यात कामाची गोष्ट. कालवताना दोन तृतीयांश, मग झाकून निदान दोन तास फ्रिजमध्ये, आणि वाढायच्या आधी उरलेलं. कारण मॅकरोनी फ्रिजमध्ये बसल्या बसल्या मेयो पिते, आणि सगळं आधीच घातलं तर रात्री क्रीमी असलेलं सॅलड सकाळी कोरडं ठाक होतं. दुसऱ्या दिवशी तरीही घट्ट वाटलं तर एक चमचा दूध घालून हलवा, लगेच सैल होतं, आणि मीठ-लिंबू परत चाखून बघा, मुरल्यावर दोन्ही कमी जाणवतात.

डब्यातला ट्यूना डब्यातच शिजलेला असतो, त्यामुळे परत शिजवायची गरज नाही, पण एकदा उघडला की तो ताज्या माशाइतकाच नाजूक. सॅलड बाहेर दोन तासांपेक्षा जास्त ठेवू नका, फार उकाडा असेल तर तासभरच. ट्यूना गरम जागी राहिला तर त्यात हिस्टामाइन तयार होतं, त्याने चेहरा लाल होतो, डोकं दुखतं, अंगावर पित्त उठतं, आणि वाईट म्हणजे ते परत गरम केल्याने जात नाही. फ्रिजमध्ये 4 अंशाखाली, झाकणाच्या डब्यात, तीन-चार दिवस आरामात टिकतं. उरलेला ट्यूना टिनमध्येच ठेवू नका, काचेच्या वाटीत काढा, टिनची चव लागते. आणि फ्रीझरमध्ये मुळीच नको, मेयो फुटतं, सेलरी लिबलिबीत होते, त्यापेक्षा दोन दिवसांत संपेल एवढंच करा.