४० बावट्यांचा सिग्नल संच: शिवण पक्की, पिवळा कच्चा
जहाजं बावटे चढवून एकमेकांना निरोप देतात, त्या आंतरराष्ट्रीय सिग्नल संहितेचा पूर्ण संच म्हणजे २६ अक्षरं, १० आकडे, ३ पर्यायी (वर चढवलेल्या बावट्याची पुनरावृत्ती दाखवणारे) आणि १ उत्तराचा बावटा. इथे चाळीसही मिळतात. पर्यायी तीन नसतील, तर एका संचात तेच अक्षर दोनदा चढवणार कसं?

कापड पॉलिएस्टर, तुकडे जोडून शिवलेले. म्हणून रंग दोन्ही बाजूंनी सारखा. फडफडणाऱ्या कडेला दुहेरी शिवण आहे, उसवायला सुरुवात तिथूनच होते.

घोळ पिवळ्याचा. उन्हात तो विटतो आणि वारा पडला की पिवळा-निळा 'के' लांबून पांढरा-निळा 'ए' वाटतो. म्हणजे 'तुमच्याशी बोलायचंय'ऐवजी 'पाणबुड्या खाली आहे, लांबून सावकाश जा'!

खारं पाणी लागलं तर गोड्या पाण्यात खळबळून सावलीत वाळवा. बावटे अडकवायच्या क्लिपा मात्र झकास.