‘गिलिव को’ची जतन केलेली प्रत : मिला देल सोल यांचा पहिला ठसा

दुसऱ्या महायुद्धापूर्वी फिलिपिन्समध्ये शेकडो चित्रपट तयार झाले. त्यांपैकी आज मोजकेच उरले आहेत. नायट्रेटच्या नाशवंत फिती, दमट हवा आणि 1945 मध्ये झालेली मनिलाची राखरांगोळी यांतून वाचलेल्या या मोजक्यांपैकी दोन चित्रपटांत मिला देल सोल नायिका आहेत. म्हणूनच 1998 मध्ये ऑस्ट्रेलियाच्या राष्ट्रीय चित्रपट व ध्वनी संग्रहालयाने जतन करून दिलेली ‘गिलिव को’ (1939) ही प्रत मला इतकी मोलाची वाटते.

कार्लोस व्हॅन्डर तोलोसा यांनी दिग्दर्शित केलेला हा एलव्हीएन या चित्रसंस्थेचा पहिलाच चित्रपट होता. पुढे हीच संस्था फिलिपिनो चित्रपटांच्या आधारस्तंभांपैकी एक झाली, आणि तिचा हा आरंभ अवघ्या सोळा वर्षांच्या मिला देल सोल यांच्या खांद्यावर उभा होता. साध्याशा संगीतप्रधान प्रेमकथेत त्यांनी रंगवलेली गावाकडची मुलगी कुठेही गरीब बापुडी वाटत नाही. समोर फर्नांडो पो (थोरले) आणि एली रामोस यांच्यासारखे नट असूनही नजर तिच्यावरून हलत नाही, कारण त्या काळच्या रंगभूमीचा ठसठशीतपणा टाळून त्यांनी कॅमेऱ्यासमोर अगदी मोकळेपणाने वावरणे पसंत केले आहे.

प्रतीबद्दल सांगायचे तर चित्र बहुतांशी स्वच्छ आहे; काही ठिकाणी ओरखडे आणि ध्वनीतली खरखर राहिली आहे, पण तेवढे सोसायला हरकत नाही. माझी खरी तक्रार मी तो जिथे पाहिला त्या संकेतस्थळाबद्दल आहे. तिथली इंग्रजी उपशीर्षके गाणी सुरू होताच नाहीशी होत, आणि ज्या चित्रपटात गाणीच कथा पुढे नेतात, तिथे टागालोग ही चित्रपटाची भाषा न जाणणाऱ्या प्रेक्षकाचे यामुळे फार मोठे नुकसान होते.

ही प्रत हाती असण्याचे मोल कळण्यासाठी वीस वर्षे मागे जावे लागते. 1919 मधला ‘दलागांग बुकिद’ हा पहिला फिलिपिनो कथापट सार्सुएलावर, म्हणजे तिथल्या संगीत नाटकावर आधारलेला होता. चित्रपट मूक असल्यामुळे त्याची नायिका आतांग दे ला रामा प्रत्यक्ष चित्रगृहात उभी राहून गाणे गात असे. त्या पुढे 1987 मध्ये राष्ट्रीय कलाकार ठरल्या, तरी तो चित्रपट मात्र आज कुठेच उरलेला नाही.

मिला देल सोल 2020 मध्ये, 97 व्या वर्षी वारल्या. ‘गिलिव को’ पाहून झाल्यावर त्यांचा ‘इबोंग अदार्ना’ (1941) जरूर पाहावा. त्यातल्या जादूच्या पक्ष्याची दृश्ये हाताने रंगवलेली आहेत.