हातातला यूएचएफ आरएफआयडी रीडर: आठ महिन्यांच्या वापरानंतर

आठ महिन्यांपूर्वी गोदामातली मोजणी बारकोड सोडून आरएफआयडीवर, म्हणजे रेडिओ लहरींनी टॅग ओळखण्याच्या पद्धतीवर आणली. हातात धरायचा यूएचएफ (अतिउच्च वारंवारतेच्या रेडिओ लहरींचा) रीडर आणि बिनबॅटरीचे चिकट टॅग, एवढंच सामान. पुठ्ठ्याच्या खोक्यांसाठी याला तोड नाही. ज्या रांगेला दोघांचा अख्खा दिवस जायचा, ती एकटा माणूस तासाभरात उरकतो आणि एकही खोकं खाली उतरवावं लागत नाही.

कस लागला तो पत्र्याच्या डब्यांपाशी. डोळ्यांसमोर 24 डबे आणि रीडरवर आकडा 9! टॅगकडे स्वतःची वीज नसते. रीडरच्या लहरींतून मिळेल तेवढ्यावर त्यातली चिप जागी होते आणि त्याच लहरी परतवून आपला क्रमांक कळवते. टॅग थेट धातूला चिकटला की अँटेनाचा मेळ बिघडतो आणि चिपला पुरेशी वीजच मिळत नाही. टॅगखाली फोमची पट्टी घातली, तेव्हा 22 डबे आले. शेवटी धातूवर चालणारे खास टॅग घेतले. ते जाड आणि बरेच महाग आहेत. भरलेल्या बाटल्यांचं दुखणं वेगळं, पाणी या लहरी शोषून घेतं. टॅग बाटलीच्या गळ्याशी, रिकाम्या भागावर लावल्यावर काम भागलं.

याच्या उलट त्रासही आहे. शेजारच्या रॅकवरचे टॅग मध्येच वाचले जातात. वस्तू आवाक्यात आहे एवढं कळतं, नेमकी कुठे ते कळत नाही. परतलेल्या लहरीच्या फेजवरून, म्हणजे ती आपल्या चढउतारात नेमकी कुठे आहे त्यावरून जागा शोधण्यावर बरंच संशोधन चालू आहे, पण या वारंवारतेला दर 16-17 सेंटिमीटरला तीच फेज पुन्हा येते, शिवाय भिंती-रॅकवर आपटून आलेल्या लहरी घोळ घालतात.

सुरक्षेची मला खरोखर काळजी वाटते. आमचे टॅग कोणत्याही रीडरला आपला क्रमांक सांगून टाकतात. जेन-2 या यूएचएफ टॅगांच्या मानकाच्या 2013 च्या आवृत्तीत टॅगची ओळख पटवणारी कूटलेखनाची सोय आली, पण ती ऐच्छिक आहे, आणि त्या आकडेमोडीला वीज त्याच तुटपुंज्या साठ्यातून लागते. कमी विजेत भक्कम सुरक्षा जमली, तर मी सगळे टॅग बदलायला तयार आहे.

रीडर घ्याच, पण त्याच्या गप्प राहण्यावर विसंबू नका. वहीत ‘माल नाही’ लिहिण्याआधी आम्ही रॅकच्या दुसऱ्या बाजूने, कोन बदलून पुन्हा एकदा रीडर फिरवतो.