भाडेकरूची बाजू समजून घेणारा सल्ला

घरमालकाचे कर्ज थकल्याने बँकेची ताबा-नोटीस दारावर चिकटली, तेव्हा आम्ही छत्रपती संभाजीनगरातील एका वकिलांचा सल्ला घेतला. त्यांनी प्रथम नोंदणीकृत भाडेपट्टा आणि गहाणखत यांच्या तारखा ताडून पाहिल्या, कारण गहाणापूर्वीच्या वैध भाडेपट्ट्याला संरक्षण मिळू शकते, परंतु थकीत कर्जासाठी गहाण मालमत्ता ताब्यात घेण्याचा अधिकार बँकेला देणाऱ्या सरफेसी कायद्याच्या कलम १३(२)ची, म्हणजे कर्जफेडीची मागणी करणारी, नोटीस निघाल्यावर बँकेच्या लेखी संमतीविना केलेला भाडेपट्टा सहसा टिकत नाही. २०१६च्या दुरुस्तीमुळे भाडेकरूलाही कर्जवसुली न्यायाधिकरणात दाद मागता येते आणि त्यासाठी ४५ दिवसांची मुदत असते, हे त्यांनी कलम उघडून दाखवले. भाडेकरूने निमूटपणे सामान उचलावे, असे गृहीत धरणे अन्यायाचे आहे. फी वाजवी, पावती मिळाली. प्रतीक्षेची जागा मात्र अपुरी आहे.