"स्टे मेळ्ळा" म्हणाले, तर आदेशाची प्रत मागा

म्हापशाजवळच्या एका प्रकल्पात आम्ही फ्लॅट बुक केला, पैसे भरले, आणि काम प्लिंथवर थांबले. गोव्यात यात नवे काही नाही, म्हणून त्यावर लिहीत बसत नाही. उत्तर गोवा जिल्हा ग्राहक आयोगाने पैसे व्याजासह परत करण्याचा आदेश दिला. खरी फसवणूक झाली ती त्यानंतर.

आदेश हातात आल्यावर बिल्डरचा माणूस घरी आला. चहा घेतला, चवथीची चौकशी केली. मग म्हणाला, "वयनी, ते हायकोर्टांत गेल्यात. स्टे मेळ्ळा. आतां कांयच जावचें ना." म्हणजे आदेशाला हायकोर्टाची स्थगिती मिळाली, आता काहीच होणार नाही. मोबाइलवर रिट याचिकेचे, म्हणजे थेट उच्च न्यायालयात केलेल्या अर्जाचे, पहिले पान दाखवले. वर मुंबई उच्च न्यायालयाचे नाव, बाजूला स्टॅम्प नंबर. पाठोपाठ तोडगाही तयार: व्याज सोडा, मुद्दलातलेही थोडे सोडा, उरलेले हप्त्यांनी घ्या आणि संमतीपत्रावर सही करा. आम्ही सही केली नाही, पण आमचा वसुलीचा अर्ज त्या एका शब्दापायी रखडला. त्याच इमारतीत बुकिंग केलेल्या एका निवृत्त मास्तरांनी मात्र सही केली. त्यांचा पहिला चेक वटला, दुसरा परत आला.

स्टे नव्हताच! याचिका नुसती दाखल झाली होती, न्यायाधीशांसमोर आलीही नव्हती. स्टॅम्प नंबर म्हणजे कागद दाखल करून घेतल्याची नोंद, बाकी काही नाही. उच्च न्यायालयाच्या संकेतस्थळावर तो नंबर घातला की तारखा आणि आदेश दिसतात. आमच्या वकिलांनी तो घालून दाखवला, तर आदेशाची जागा कोरी.

मग बिल्डर हायकोर्टात गेलाच कशाला? २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्यातले कलम ४१ वाचले की उलगडा होतो. जिल्हा आयोगाच्या आदेशावर ४५ दिवसांत राज्य आयोगाकडे अपील करता येते, आणि तो आयोग आपल्या पणजीतच आहे. पण ज्याला पैसे द्यायचे आहेत त्याने आधी निम्मी रक्कम भरावी लागते, नाहीतर अपील विचारातच घेत नाहीत. रिट याचिकेला अशी अट कायद्यात नाही. म्हणजे दमडी न भरता वेळ काढता येतो, आणि वर 'हायकोर्ट' या शब्दाने साधी माणसे घाबरतात ती वेगळीच.

पर्वरीला, उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठासमोर, सुनावणी झाली तेव्हा पहिलाच प्रश्न आला, अपिलाची वाट असताना इथे का? याचिका फेटाळली गेली. सर्वोच्च न्यायालयाने २०१२ मध्येच सांगितले आहे की राज्य आयोगाच्याही वरच्या राष्ट्रीय आयोगाच्या आदेशावर कायद्याने अपील दिलेले असताना उच्च न्यायालयांनी अशा याचिका घेऊ नयेत. दार कायमचे बंद आहे असेही नाही. राष्ट्रीय आयोगाने अपिलात दिलेल्या आदेशावर पुढे अपील नसते, तिथे राज्यघटनेच्या कलम २२७ खाली उच्च न्यायालयात जाता येते, असे २०२२ च्या निकालात म्हटले आहे. आमच्या बिल्डरला यातले काहीच लागू नव्हते.

अपील दाखल झाले तरी स्टे आपोआप मिळत नाही. त्यासाठी वेगळा आदेश लागतो. तो नसेल तर कलम ७१ खाली वसुलीचा अर्ज करता येतो. आदेश न पाळणाऱ्याला कलम ७२ खाली एक महिना ते तीन वर्षे कैद, किंवा किमान २५ हजार रुपये दंड, किंवा दोन्ही होऊ शकतात. आम्ही दोन्ही अर्ज केले. मग साहेब निम्मी रक्कम घेऊन पणजीला धावले, सोबत उशीर माफीचा अर्ज: हायकोर्टात प्रामाणिकपणे वेळ गेला म्हणे! 'स्टे झालाय, सही करा' हे त्याच माणसाचे व्हॉट्सअॅपवरचे मेसेज आम्ही त्यावरच्या हरकतीला जोडले आहेत.

मास्तरांच्या संमतीपत्रात 'आदेशाबाबत माझी कोणतीही मागणी उरलेली नाही' असे एक वाक्य आहे. ते खोटे सांगून लिहून घेतले, हे सिद्ध करायला त्यांना आता वेगळा वकील लावावा लागला आहे.