टार्गेटची गोणी, शिलाईवाल्याच्या नजरेतून

सोफ्यांना कापड चढवायचं काम मी २२ वर्षं करतोय. दिवस जातो तो फोम, कॅनव्हास आणि कातरणात. त्यामुळे मुलीनं तिरंदाजी सुरू केली आणि तिच्या नादानं मीही धनुष्य हातात धरलं, तेव्हा टार्गेट विकत आणायचं मनातसुद्धा आलं नाही. वर्कशॉपमध्ये फोम पडलेलाच होता. चार-चार इंचांचे दोन तुकडे एकमेकांना चिकटवले, वरून जुनं रेक्झिन ताणलं आणि भिंतीला टेकवून उभं केलं. पहिलाच बाण आरपार गेला, भिंतीवर आपटला आणि पॉइंटजवळ, म्हणजे पुढच्या धातूच्या टोकाजवळ, दांडीला उभी चीर पडली.

सोफ्याचा फोम म्हणजे शेवटी स्पंजच. त्याची भोकं उघडी असतात, दाब आला की आतली हवा निघून जाते आणि बसणाऱ्याला मऊ लागतं. बाणाला तो कसला अडवतोय! टार्गेटसाठी लागतो तो बंद भोकांचा, दाट, रबरासारखा फोम. एवढी वर्षं फोम कापूनही हे मला बाण फोडल्यावर सुचलं, हे घरात बरेच दिवस ऐकून घ्यावं लागलं. (चीर गेलेला कार्बनचा बाण कितीही जीव तुटला तरी टाकून द्या. सोडताना तो फुटतो आणि त्याच्या काड्या थेट हातात घुसतात.)

मग मी दुसऱ्या टोकाला गेलो. दाट फोमचा ठोकळा घेतला, ४० सेंटिमीटरचा, वर उचलायला कान. लेबलवर ठळक लिहिलेलं, सेकंदाला ४०० फूट वेगाचा बाणही थांबवतो. माझं धनुष्य २६ पाउंडांचं, म्हणजे दोरी ओढायला तेवढा जोर लागतो, आणि साधं रिकर्व्ह, टोकं पुढे वळलेलं. त्यातून बाण सुटतो तो दीडशे फुटांच्या आसपास. मुलीचं तर १८ पाउंडांचं. ४०० हा आकडा कंपाउंड, म्हणजे टोकांना चाकं असलेल्या जोरदार धनुष्यवाल्यांसाठी असतो, त्यांच्या बाणातला जोर माझ्या बाणाच्या चार-पाच पट. पण विकत घेताना मोठा आकडा दिसला की आपल्याला वाटतं, चला, टिकेल तरी.

टिकला, यात वाद नाही. मुलीचे बाण मात्र त्यात धड रुततच नव्हते. निम्मे लागून खाली पडायचे, एक तर उडून तिच्या पायांपर्यंत परत आला. माझे रुतायचे, आणि मग निघायचे नाहीत. घुसताना दांडीच्या घासण्यानं फोम तापतो, थोडा वितळतो आणि गार झाला की दांडीला धरून बसतो. बाहेर आलेल्या बाणावर बोटभर पट्ट्यात काळपट, चिकट थर असायचा, नखानं खरवडून काढावा लागे. दांडीला कोरडा साबण चोळून बघितला. पहिल्या दहा-बारा बाणांना फरक पडला, मग पुन्हा तेच. एका संध्याकाळी ठोकळ्याला गुडघा लावून मी बाण ओढत होतो आणि मुलगी माझ्या मागे येऊन उभी राहिलेली मला दिसली नाही. बाण अचानक सुटला आणि नॉकचं टोक, म्हणजे दोरीत अडकवायची मागची खाच, तिच्या कानाजवळून गेलं. "बाबा, मी इथे आहे," एवढंच म्हणाली ती. तो ठोकळा मी त्याच रात्री माळ्यावर टाकला.

त्यानंतर बाजारात जाऊन मी एकच गोष्ट बघायला लागलो: यातून बाण निघतो कसा? अडवतं बरंच काही. पुठ्ठ्यांची चळत पट्ट्यांनी आवळून, कडा आपल्याकडे करून उभी केली तरी अडवते, आणि फुकटात होते. फक्त मधला भाग लवकर भुसभुशीत होतो, मग पुठ्ठे वरखाली करून पुन्हा आवळायचे. थर्माकोलच्या नादी लागू नका, तो दांडीवर वितळतो आणि दाणे घरभर.

आता शेवटी विकत घेतलेल्या टार्गेटच्या गोणीकडे येतो. ६० बाय ६० सेंटिमीटर, जाडी २८, वजन १३ किलो. बाहेरचं कापड विणलेल्या प्लॅस्टिकच्या पट्ट्यांचं, धान्याच्या पोत्यासारखं पण जाड. आत आणखी एक पातळ पिशवी आणि तिच्यात कापडाच्या चिंध्या आणि चुरगळलेलं प्लॅस्टिक. बाण लागला की 'थप्प' असा भरीव आवाज येतो. चिंध्या बाजूला सरकतात, बाणाला चहूबाजूंनी थोड्या-थोड्या घासतात आणि थांबवतात. एका जागी आवळून धरत नाहीत, त्यामुळे दांडी तापत नाही, चिकटत नाही. डाव्या हाताचा तळवा बाणाशेजारी टेकवायचा, उजव्या हातानं दांडी गोणीलगत धरायची आणि सरळ मागे घ्यायची. माझी बारा वर्षांची मुलगी दोन बोटं आणि अंगठ्यानं काढते. तिचे बाण यात बोट-दीड बोट तरी रुततात, खाली पडत नाहीत. मला एवढंच हवं होतं. किमतीचं म्हणाल तर त्या ठोकळ्याच्या निम्म्याहून कमी.

आता शिलाई. विणलेल्या प्लॅस्टिकची कड दुमडून शिवली नाही तर पट्ट्या उसवतात, हे पोती शिवणारा कुणीही सांगेल. माझ्या गोणीला तीन बाजूंना दुमड होती. वरच्या बाजूला, जिथून भरलंय तिथे, नुसती एकेरी धाव. कान तर त्याहून वाईट: १३ किलो वजन आणि प्रत्येक टोकाला सरळ एक टीप. तिसऱ्या दिवशी उचलताना एक कान हातात आला. मी पट्टा उलटवून चौकोन आणि त्यात फुली अशी टीप मारली, बॅगांच्या पट्ट्यांना मारतात तशी. ज्यांच्याकडे मशीन नाही त्यांनी चांभाराकडून शिवून घ्यावं, घरच्या सुईचं ते काम नाही.

दुसरी तक्रार भरण्याची. सहा आठवड्यांत आतलं सगळं खाली बसलं. खाली पोट सुटलं आणि वरचा वीतभर भाग रिकामा. तिथे लागलेला बाण पिसांपर्यंत आत गेला. वरची शिलाई मी उसवली, आमच्याकडचं कातरण मूठ-मूठ कोंबलं, कोपरे आधी आणि मध्य शेवटी, मध्ये-मध्ये गोणी आपटून. वजन १९ किलोंवर गेलं. इथे माझी एक चूक सांगतो. घाईत जुन्या उशीचं एक खोळ चेनसकट आत गेलं. दोन आठवड्यांनी एक बाण 'कट्ट' करून थांबला. ओढल्यावर दांडी आली, पॉइंट आतच. गोणी पुन्हा उसवून हात घातला तर पॉइंट चेनीच्या दातांत अडकलेला. चेन, बटण, हूक, इलॅस्टिकची कडी असं काही असेल ते आधी कापून काढा.

आकाराबद्दल मी सुरुवातीला उलटं गणित केलं होतं. स्पर्धेत १८ मीटरवर ४० सेंटिमीटरचा कागदी फेस, म्हणजे नेम धरायचा गोल वर्तुळांचा कागद, असतो आणि ७० मीटरवर १२२ सेंटिमीटरचा, हे मुलीकडून ऐकलं होतं. म्हणून ४० चा ठोकळा पुरेल असं वाटलं. पण तो फेस शिकलेल्यांसाठी. नवशिक्याचा हात ३ अंशांनी सहज चुकतो, आणि १० मीटरवर ३ अंश म्हणजे मध्यापासून ५२ सेंटिमीटर. गोणीची कड मध्यापासून ३० वर, म्हणजे तो बाण गोणी सोडून गेला. ५ मीटरवर तीच चूक २६ सेंटिमीटरची होते, बाण गोणीतच राहतो. आम्ही पहिले दोन महिने ५ मीटरवरूनच मारले, तेही गोणीची कोरी बाजू समोर ठेवून. नेम धरायला काही नसलं की लक्ष खांद्यावर आणि सोडणाऱ्या बोटांवर राहतं. छापील ठिपक्यांच्या बाजूला सगळे बाण मधल्याच ठिपक्यात जातात आणि तिथेच गोणी फाटते. आता फेस लावतो तोही दर आठवड्याला वेगळ्या कोपऱ्यात.

गोणी आम्ही लाकडी खोक्यावर ठेवतो, जरा मागे कललेली. मध्य मुलीच्या खांद्याच्या उंचीला येतो. वरच्या रिंगांतून टांगायचीही सोय आहे, पण टांगली की ती झुलते आणि पुढचा बाण तिरका लागतो. मागे दीड मीटरवर जुना गालिचा सैल सोडलाय. सैल असल्यानं चुकलेला बाण त्याला ढकलतो आणि तिथेच दमतो, ताणून बांधला तर भोक पाडून पुढे जातो. त्याच्याही मागे कुणाची ये-जा नसलेली जागा हवीच, गालिच्यावर विसंबू नका.

पावसात एकदा बाहेर राहिली, तर चिंध्या वाळायला नऊ दिवस लागले आणि वास त्याहून जास्त दिवस. उन्हानंही हे प्लॅस्टिक ठिसूळ होतं, म्हणून वर ताडपत्रीचा एक अभ्रा शिवलाय.

चौदा महिने झाले. पुढच्या बाजूला मध्यभागी ताटलीएवढं भोक पडलंय. बाहेरचं कापड गेलंय, आतलं भरण शाबूत आहे. मजबूत कंपाउंडवाल्यांनी ही घेऊ नये, त्यांचा बाण मागून डोकावेल. आमच्यासारख्या हलक्या धनुष्यवाल्यांना पाचपैकी चार तारे. एक तारा कानांच्या शिलाईचा कापलाय. या रविवारी नवी खोळ कापायला घेतोय, जाड कॅनव्हासची. मुलीला हिरवी हवी आहे.