स्वप्नांची नोंद: वही की चिठ्ठ्यांची पेटी?
आर्वीच्या माझ्या भाचीला पहाटेची स्वप्ने आणि आजीकडून ऐकलेले पावसाचे अंदाज एकत्र लावून ठेवायचे आहेत. वही की पेटी, यावर ती अडली आहे. खर्चात फारसा फरक नाही. वाळवी दोन्ही खाते (माझी एक पेटी तशीच गेली), पण सुटी चिठ्ठी हरवतेही. खरा फरक शोधण्यात आहे. ‘विहिरीत पांढरा बैल, काठावर आजी’ हे स्वप्न वहीत एका तारखेखालीच अडकते. ग्रंथालयशास्त्रज्ञ रंगनाथन यांच्या १९३३ च्या द्विबिंदू वर्गीकरणासारखे (पुस्तके विषयाच्या वेगवेगळ्या पैलूंनुसार लावण्याची पद्धत) चिठ्ठीच्या माथ्यावर व्यक्ती, क्रिया, स्थळ, काळ असे पैलू लिहून सूची ठेवली, तर ते बैलाच्याही वाटेने सापडते आणि विहिरीच्याही. एवढी मेहनत मात्र कापूस वेचणीच्या दिवसांत होत नाही. उठल्याबरोबर दोन ओळी लिहिणाऱ्याने वहीच घ्यावी. जुन्या नोंदी पुन्हा पुन्हा जुळवून पाहणाऱ्याने पेटी.